प्रकाशक-आमदाराचं चरित्र जुळवताना: माझा अनुभव

बेळगाव जिल्ह्यात वर्षानुवर्षं साप्ताहिक चालवून पुढे आमदार झालेल्या एका प्रकाशकांचं चरित्र मी लिहून पूर्ण केलं. असं काम हाती घेणाऱ्यांना एकच सांगणं आहे: भाषणं आणि लोकांच्या आठवणी मागाहून. आधी अंकाच्या शेवटच्या पानाच्या तळाशी असते ती प्रिंटलाईन वाचा.

‘हे साप्ताहिक अमुक यांनी अमुक छापखान्यात छापून अमुक ठिकाणी प्रसिद्ध केले’ ही ओळ १८६७ च्या कायद्याने सक्तीची होती. मुद्रक-प्रकाशकाला मॅजिस्ट्रेटसमोर डिक्लेरेशन (घोषणापत्र) करावं लागे. मालकी किंवा छापखाना बदलला की पुन्हा नवं. (मार्च २०२४ पासून कायदा बदलला, जुन्या अंकांना त्याचा संबंध नाही.) मी प्रत्येक अंकाची ही ओळ वहीत तारीखवार उतरवली. बदल दिसला की त्याच्या मागचे-पुढचे चार अंक अक्षरन् अक्षर वाचायचे.

त्याहून मोलाचा मार्चमधला पहिला अंक. फेब्रुवारी संपल्यावर निघणाऱ्या पहिल्या अंकात ‘फॉर्म ४ (नियम ८)’ छापावा लागे. हे नियम १९५६ चे. प्रकाशनस्थळ, मुद्रक, प्रकाशक, संपादक आणि शेवटी मालक, शिवाय भांडवलात एक टक्क्याहून जास्त वाटा असलेल्या प्रत्येकाचं नाव-पत्ता. ‘पेपर त्यांच्या एकट्याचा’ असं गावात जो तो सांगे. फॉर्ममध्ये तीन भागीदार निघाले. फायलीत बाकी काही धड नसलं तरी दरवर्षीचा हा एक अंक मिळवाच.

निवडणुकीच्या तोंडावर प्रिंटलाईनमधलं नाव बदलून भावाचं आलं होतं. छापखानेवाल्या उमेदवारांना एक अडचण असते. सरकारला माल पुरवण्याचा किंवा सरकारी काम करण्याचा करार चालू असेल तर लोकप्रतिनिधित्व कायद्याने उमेदवारी बाद होऊ शकते, आणि तालुक्याच्या छापखान्यात सरकारी फॉर्म छापण्याची कामं येतच. पण नाव त्यासाठीच बदललं, हे कराराचा कागद हाती नसताना लिहू नये. मी फक्त दोन्ही तारखा शेजारी-शेजारी दिल्या.

तारखांचा घोळ फार होतो. ट्रेडलवर (पायाने चालवायच्या छपाईयंत्रावर) छापणारे शीर्षपट्टीचा मजकूर बांधूनच ठेवत आणि दर आठवड्याला तेवढे तारखेचे खिळे (शिशाची अक्षरं) बदलत. ते बदलायचे राहिले की गेल्या आठवड्याचीच तारीख छापली जाई. म्हणून वार, तिथी आणि अंक क्रमांक तिन्ही ताडून पाहा. तरी शंका राहिली तर अंकात छापलेल्या कोर्टाच्या नोटिशीतली सुनावणीची तारीख उपयोगी पडते.

अंकांचे फोटो मी खिडकीच्या आडव्या उजेडात काढले, फ्लॅश न लावता, पानाला दोन: वरचा अर्धा, खालचा अर्धा. बांधणीकडची ओळ गिळली जाते, तिचा तिसरा. फाईलला नाव वर्ष-महिना-दिवस-पान या क्रमाने. फाटक्या पानाला चिकटपट्टी मुळीच लावू नका, कागद तपकिरी होऊन तिथेच तुटतो. आणि बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूरकडच्या पावसात अंकांचे गठ्ठे उघडू नका. हे काम फेब्रुवारी ते मे.

आमदारकीचे कागद दोन राज्यांत विभागलेले आहेत. बेळगाव जिल्हा १ नोव्हेंबर १९५६ ला मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेला. त्यामुळे १९५२ च्या विधानसभेतलं काम मुंबईच्या कार्यवाहीत (सभागृहाच्या कामकाजाच्या छापील नोंदींत) शोधायचं, १९५७ नंतरचं बेंगळुरूच्या. १९७३ पर्यंत तेही ‘म्हैसूर’ या नावाखाली. नुसतं ‘कर्नाटक’ म्हणून शोधत बसलो तेव्हा हाती काहीच लागलं नाही.

मतं निवडणूक आयोगाच्या अहवालातून घ्यावीत. पहिल्या दोन निवडणुकांत काही मतदारसंघांतून दोन-दोन आमदार निवडून जात, तिथे मतांची टक्केवारी काढताना चूक होते. नाव इंग्रजीत कधी आडनाव आधी, कधी नुसती आद्याक्षरं. चार-पाच स्पेलिंगं करून बघावी लागतात. सीमाभाग महाराष्ट्रात यावा म्हणून लढणाऱ्या महाराष्ट्र एकीकरण समितीचा उमेदवार पक्षाच्या रकान्यात शोधू नका. २०१३ ला खानापूर आणि बेळगाव दक्षिण समितीने जिंकले, तरी आयोगाच्या यादीत दोघेही अपक्षच आहेत.

त्यांच्याच साप्ताहिकात त्यांच्या भाषणाची तीन कॉलमी बातमी होती. कार्यवाहीत त्या दिवशी एक तारांकित प्रश्न आणि मंत्र्यांचं दोन ओळींचं उत्तर सापडलं. बातमी खोटी ठरवायची घाई मी केली नाही. घटनेच्या २१० व्या कलमाप्रमाणे अध्यक्षांच्या परवानगीने मातृभाषेत बोलता येतं, आणि मराठीतलं बोलणं कार्यवाहीत कसं उतरलं असेल हा वेगळाच प्रश्न. चरित्रात दोन्ही उतारे पूर्ण छापले, तारखेसकट.

गठ्ठे परत करताना सुती कापडात गुंडाळून वर-खाली पुठ्ठा ठेवला. सुतळी पुठ्ठ्यावर येईल अशीच बांधायची, कागदावर आली की कडा मोडतात.