राखाडी चौकट

रविवारची दुपार. मसालेभात अंगावर आलेला, घरातले सगळे आडवे. तासभर काहीतरी खेळू म्हणून मी संगणक लावला, आणि साडेपाचला चहाची हाक आली तेव्हा लक्षात आलं की एकही गेम उघडलेला नाही. तीन तास मी चित्रं चिकटवत बसलो होतो.

झालं असं, की स्टीमच्या, म्हणजे संगणकावरच्या गेमच्या दुकानाच्या, लायब्ररीत माझ्या गेमची कव्हरं रांगेनं उभी होती, पुस्तकाच्या दुकानात लावतात तशी, आणि तिसऱ्या रांगेत मधोमध एक राखाडी चौकट होती. तिच्यात नुसतं नाव, तेही टंकलिखित अर्जासारखं: आयजीआय, बंदूक घेऊन शत्रूच्या तळात घुसायचा जुना गेम. आजूबाजूला एवढे नटलेले लोक आणि हा एकटा लग्नाच्या ग्रुप फोटोत पाठ करून उभा. एकदा दिसलं की मग दुसरं काही दिसत नाही.

चूक माझीच होती. हा गेम मी स्टीमवरून घेतलेला नाही. जुन्या सीडीवरून उतरवलेला आणि हातानं यादीत जोडलेला. अशा बाहेरून आलेल्या पाहुण्याला कपडे आपणच घालायचे असतात, आणि मी घातलेही होते. पण ती चित्रं ‘यूझरडेटा’, त्यात एक लांबलचक आकडा, त्यात ‘कॉन्फिग’, त्यात ‘ग्रिड’ अशा एकात एक चार फोल्डरांच्या दारांआड राहतात. नवा संगणक घेतला तेव्हा मी सगळं आणलं, २०११ सालची वीजबिलंसुद्धा आणली. ते एक फोल्डर तेवढं राहिलं, आणि जुनी डिस्क पुसून मी देऊनही टाकली होती.

पूर्वी हे एवढं नडत नसे. २०१९च्या ऑक्टोबरपर्यंत तिथली चित्रं आडवी असायची, ४६० बाय २१५ ठिपक्यांची, एसटीच्या पाटीसारखी. कशीही कापून बसवली तरी चालायची. मग नवी मांडणी आली आणि सगळी चित्रं उभी झाली, ६०० बाय ९००. ज्या जुन्या गेमवाल्यांनी उभं चित्र कधी दिलंच नाही, त्यांचं तेच आडवं चित्र मधे आणि मागे त्याचीच धुरकट छाया, आखूड सतरंजी ओढून ओढून खोलीभर पुरवावी तसं. तेही मला खुपतंच, पण राखाडी चौकट त्याहून वाईट.

यावर इलाज करणारी माणसं आहेत. स्टीमग्रिडडीबी नावाच्या ठिकाणी जगभरातले लोक फुकट, हौसेनं, जुन्या-नव्या गेमची कव्हरं बनवून ठेवतात. एकेका गेमची डझनांनी. पांढऱ्या अक्षरांची वेगळी, अक्षरंच नसलेली वेगळी, धुरकट वेगळी. कुणी केली, का केली, काही पत्ता नाही. गणपतीत रात्र रात्र जागून मखर करणाऱ्यांच्या जातीचे हे लोक. एक निवडायचं, उतरवायचं, चौकटीवर राइट क्लिक, ‘मॅनेज’, मग ‘सेट कस्टम आर्टवर्क’, संपलं. दोन मिनिटांचं काम आहे.

दोन मिनिटांचं काम, माझ्यासारख्या माणसाला नाही. डोक्यावर कन्सोलच्या, म्हणजे टीव्हीला जोडायच्या गेमयंत्राच्या, नावाची पट्टी असलेलं कव्हर मला चालत नाही. नाव खालच्या तिसऱ्या हिश्श्यात हवं. चेहरा असेल तर फार मोठा नको, नाहीतर निवडणुकीच्या फ्लेक्ससारखं दिसतं. आणि रांगेतल्या डावीकडच्या टोकाच्या माणसानं डावीकडे बघू नये, त्याची सगळ्यांकडे पाठ होते. गेम वर्णक्रमानं लागतात, म्हणजे टोकाला कोण येणार हे माझ्या हातात नाही. तरी बोच राहते. ही लायब्ररी माझ्याशिवाय जगात कुणीही बघत नाही, हे मला ठाऊक आहे. बायकोनं एकदा बघितली होती. ‘यातले किती खेळलायस?’ एवढंच विचारलं आणि गेली.

तर आयजीआयची कव्हरं बघता बघता एक गंमत झाली. हा गेम मी शंभर वेळा तरी खेळलो असेन, पण त्याच्या खोक्यावर मुळात काय चित्र होतं हे मी त्या दुपारी पहिल्यांदा धड पाहिलं. आमच्या आयजीआयला खोकंच नव्हतं. मामेभावाकडे ती सीडी होती, पातळ प्लॅस्टिकच्या पाकिटात, आणि तिच्यावर काळ्या मार्करनं त्यानं लिहिलं होतं: आयजीआय (चालते). ‘चालते’च्या खाली दोन रेघा, कारण आधी आणलेली चालत नव्हती. व्हाइस सिटी या दुसऱ्या गेमच्या सीडीवर ‘आईला दाखवू नये’ असं लिहिलं होतं, त्यामुळे मामीनं तीच आधी पाहिली. ही आमची कव्हरं. नॉर्वेतल्या कुठल्याशा मंडळींनी २००० साली केलेल्या गेमचा चेहरा आमच्या लेखी म्हणजे मामेभावाचं गिचमिड अक्षर.

ज्यांनी तो खेळलाय त्यांना सांगायला नको, पण त्या गेममध्ये मिशनच्या मधे सेव्ह करता येत नसे. बाराव्या मिनिटाला कुणी मनोऱ्यावरून गोळी घातली की पुन्हा पहिल्या कुंपणापासून. सांगलीला तेव्हा लोडशेडिंग. म्हणजे शत्रू, भोंगा आणि महावितरण अशा तिघांशी लढायचं. मामेभावानं कपाटाच्या दारावर वीज जाण्याचं वेळापत्रक लावलं होतं आणि त्यावरून कुठलं मिशन कधी घ्यायचं ते ठरायचं. लांबलचक मिशन असलं की सकाळी सातला उठवायचा. बारावीला तो कधी सातला उठला नाही.

त्याच्याही आधी, शाळेच्या कॉम्प्युटर लॅबमध्ये, तर नावापलीकडे काहीच नव्हतं. बूट बाहेर काढायचे, एका संगणकाला दोघं, आणि समोर डॉसचा, म्हणजे विंडोजच्या आधीच्या जमान्यातला, काळा पडदा. तिथे ‘प्रिन्स’ असं टाइप केलं की प्रिन्स ऑफ पर्शिया सुरू व्हायचा. ना आयकॉन, ना चित्र. स्पेलिंग चुकलं तर दार बंद. तिळा तिळा दार उघडचाच प्रकार, आणि आत गेल्यावर राजवाडाही त्याच मुलखातला. पुढे कुणीतरी दहावीतल्या दादाकडून खबर आणली, की नावापुढे ‘मेगाहिट’ लिहिलं की लबाडी करता येते. साठ मिनिटांत राजकन्येला सोडवायचं असतं, पण आमचा तासच पस्तीस मिनिटांचा. त्यामुळे मेगाहिट हे पाप आहे असं आम्हाला कधी वाटलं नाही. या प्रिन्सलाही मी त्या दुपारी कव्हर दिलं. त्याच्या मूळ फाइलला स्वतःचा आयकॉनच नाही. डॉसच्या फाइलींना नसतोच. त्याला मी तलवारीचा दिला.

आयकॉन ही आणखी निराळी भानगड. गेम डी ड्राइव्हवरून ई ड्राइव्हवर हलवले, म्हणून डेस्कटॉपवरच्या निम्म्या शॉर्टकटांची पांढरी पानं झाली होती, कोपरा दुमडलेली, कोरी. काही पुन्हा जोडून सुधारली. काही जोडूनही कोरीच, कारण विंडोज आयकॉनचा आपला एक साठा बाळगून असतं आणि जुनंच धरून बसतं. तो साठा पुसायला एक्सप्लोरर, म्हणजे हा सगळा डेस्कटॉप मांडणारा विंडोजचा भाग, बंद करावा लागतो. तो बंद केला की खालची पट्टी जाते, आयकॉन जातात, उरतो नुसता रिकामा पडदा. पुन्हा सुरू होईपर्यंतच्या त्या चार सेकंदांत दर वेळी माझ्या पोटात खड्डा पडतो.

मामेभावाच्या संगणकात एकदा कुणाच्या तरी फ्लॉपीतून व्हायरस आला आणि असेच सगळे आयकॉन कोरे झाले. त्यानं ते सुधारले नाहीत. त्याची गरजच नव्हती. डावीकडून तिसरी ओळ, वरून दुसरा म्हणजे रोड रॅश. कचऱ्याच्या डब्याच्या बरोब्बर वर आयजीआय. त्याचा हात आपोआप जायचा, मामीचा फडताळात जायचा तसा. मामीकडे बोर्नव्हिटाच्या डब्यात तूरडाळ असे आणि तूपवाल्याच्या डब्यात रवा, आणि तिला कधी झाकण उघडून बघावं लागलं नाही. एका मे महिन्यात मी, भाचा म्हणून काहीतरी मदत करावी या भावनेनं, डेस्कटॉपवर राइट क्लिक करून ‘ऑटो अरेंज’ दाबलं. सगळी पांढरी पानं घसरून डाव्या कडेला गेली, एकाखाली एक, शिस्तीत. मामेभाऊ दोन दिवस माझ्याशी बोलला नाही. नंतर आम्ही एकेक उघडून बघितलं. एकात हिशेबाचं टॅली होतं.

असो. सांगायचं होतं ते वेगळंच होतं. साडेचारच्या सुमारास सगळ्या चौकटी भरून झाल्या आणि मला सुचलं, की सॉलिटेअर, विंडोजमधला तो एकट्यानं खेळायचा पत्त्यांचा डाव, तोही जोडावा. आमचे बाबा जिल्हा परिषदेतून निवृत्त झाले त्या वर्षी घरात संगणक आला आणि त्यांनी त्यावर एवढी एकच गोष्ट शिकून घेतली. रोज दुपारी चहाच्या आधी एक डाव. डाव कसला, आधी ते पत्त्यांची पाठ निवडत. तिथे एक खिडकी उघडायची, बारा पाठी. मासे होते, फुलं होती, नारळाच्या झाडांचा समुद्रकिनारा होता, त्यातला सूर्य मधेच गॉगल लावून जीभ दाखवायचा. एका बाहीतून एक्का डोकावायचा. एका रोबोटच्या पोटावरचा काटा हलायचा. आणि एक काळोखा किल्ला, त्यावर दोन-चार वटवाघळं पंख फडफडवायची. बाबा बारा पाठी पुन्हा पुन्हा बघत, एक निवडत, अर्धा डाव खेळत आणि म्हणत, ‘लागत नाही आज.’ की चहा.

ही चित्रं सुझन केअर नावाच्या बाईंनी काढलेली, १९९० साली विंडोज ३.० आलं त्यासाठी. पहिल्या मॅकिंटॉशचे आयकॉनही त्यांचेच. एकेक पत्ता ७१ बाय ९६ ठिपक्यांचा. माझ्या आजच्या एका कव्हरच्या क्षेत्रफळात तसे एकोणऐंशी पत्ते मावतील. तेवढ्याशा जागेत किल्ला, काळोख आणि वटवाघळं.

मग मी बाबांना नवा संगणक घेऊन दिला, विंडोज ७चा. तोवर सॉलिटेअरही नवा झाला होता. गुळगुळीत पत्ते, मागे पुठ्ठ्याच्या डब्यावर असतात तसल्या नक्ष्या. बाबा म्हणाले, ‘माझं चित्र गेलं की रे.’ मी तेव्हा नोकरीत नवा, पुण्याहून दीड दिवसासाठी आलेलो, वायरी गुंडाळत होतो. म्हटलं, ‘बाबा, गेम तोच आहे हो.’ ते बरं म्हणाले. त्यानंतर त्यांना पत्ते खेळताना मी पाहिल्याचं आठवत नाही.

दोन फाइली होत्या. एक खेळाची, एक पत्त्यांच्या चित्रांची. जुन्या विंडोजमधून उचलून नव्यात ठेवल्या असत्या तर चालल्या असत्या. दोन्ही मिळून एका फ्लॉपीत मावतील एवढ्या. हे मला तेव्हाही ठाऊक होतं.

मी त्या दोन्ही माझ्या जुन्या सीडीवरून काढल्या, सॉलिटेअर यादीत जोडला. राखाडी चौकट आली. किल्ल्याचं चित्र शोधून ६०० बाय ९००मध्ये ताणलं. एकेक ठिपका शेंगदाण्याएवढा झाला, वर-खाली काळी पट्टी द्यावी लागली, पण वटवाघळं ओळखू येत होती. हलती कव्हरंही लागतात तिथे, म्हणून दोन चित्रं जोडून ती फडफडवलीसुद्धा. मग पडद्याचा व्हिडिओ काढून बाबांना पाठवला आणि न राहवून फोनही केला.

‘बघितलं का? तुमचं चित्र. वटवाघळं.’

पलीकडे थोडा वेळ काहीच नाही. चष्मा शोधत असावेत.

‘छे रे,’ बाबा म्हणाले, ‘ते भयाण कोण लावतंय? माझा तो यंत्रमानव होता. पोटावर काटा असलेला.’

चहा गार झालाय. मी रोबोट शोधतोय.