भावाच्या मृत्यूची भरपाई: ठेकेदार, विमा कंपनी आणि आमच्या तारखा

माझा धाकटा भाऊ फेब्रुवारी २०२१ मध्ये एका कारखान्याच्या शेडवरून पडून गेला. जुने सिमेंटचे पत्रे बदलायला चढला होता, पायाखालचा पत्रा फुटला. वय ३४. मागे भावजय, सात वर्षांची मुलगी आणि आमची विधवा आई.

दहाव्याच्या आदल्या दिवशी ठेकेदार घरी आला. सोबत दोन लाख रुपये आणि टाइप करून आणलेला स्टॅम्पपेपर: संपूर्ण मोबदला मिळाला, यापुढे कसलीही तक्रार नाही. भावजयीनं माझ्याकडे पाहिलं. "ताई, करू का सही?" मला कायद्यातलं काही कळत नव्हतं. पैसे द्यायचेच आहेत तर सहीची एवढी घाई का, एवढंच मनात आलं. "तेरावं होऊ दे," म्हणून मी त्याला परत पाठवलं.

पुढे वकीलसाहेबांनी समजावलं. १९२३च्या कर्मचारी नुकसान भरपाई कायद्यात मृत्यूची भरपाई आयुक्तांकडेच जमा करावी लागते, आणि आपल्याकडे हे काम कामगार न्यायालयाचे न्यायाधीश पाहतात. हातात दिलेली रक्कम, तीन महिन्यांच्या पगारापर्यंतची उचल सोडली, तर भरपाईत धरली जात नाही. हक्क सोडल्याचा करारही कलम १७ प्रमाणे रद्दच. म्हणजे सही केली असती तरी दावा बुडाला नसता. पण सही केल्यावर आम्ही वकिलाकडे गेलोच नसतो, हेही तितकंच खरं.

दावा मृत्यूपासून दोन वर्षांच्या आत लावायचा असतो. कारखाना दुसऱ्या जिल्ह्यात होता, तरी वारस राहतात तिथल्या न्यायालयातही दावा चालतो. आईला प्रवास झेपत नव्हता, त्यामुळे याचा फार आधार झाला. आम्ही तिघांना सामनेवाले केलं: ठेकेदार, ज्याच्या शेडवर काम चाललं होतं तो कारखानदार, आणि ठेकेदाराची विमा कंपनी. कारखानदारानं आपलं काम ठेक्यावर दिलं, तरी कलम १२ प्रमाणे त्याची जबाबदारी सुटत नाही.

खरी झुंज झाली ती तो कामावर होता हे सिद्ध करण्याची. पगाराची पावती नाही, हजेरीपुस्तक ठेकेदाराच्या घरी. ठेकेदारानं कैफियतीत, म्हणजे न्यायालयातल्या लेखी उत्तरात, लिहिलं की हा माणूस त्या दिवसापुरताच आला होता. ते वाचून भावजय कितीतरी वेळ गप्प बसली. चार वर्षं ती रोज सकाळी त्याला डबा भरून देत होती. सोबतचे दोघे साक्षीला यायला घाबरत होते. मला त्यांचा राग आला नाही, त्यांनाही उद्या कामावर जायचं होतं. वाट मिळाली ती पोलिसांच्या कागदांत. अकस्मात मृत्यूच्या चौकशीत त्याच ठेकेदारानं त्याच रात्री जबाब दिला होता: "मयत माझ्याकडे चार वर्षांपासून कामास होता." त्या जबाबाची आणि पंचनाम्याची नक्कल पहिल्याच आठवड्यात काढून घ्या. शिवाय २०००च्या दुरुस्तीनंतर हंगामी, रोजंदारी कामगारही कायद्यात आहेच, म्हणजे "एक दिवसापुरता" हा बचाव तसाही लंगडाच होता.

दुसरा बचाव मला जास्त लागला. त्यानं बेल्ट लावला नव्हता, चूक त्याचीच. मी रात्रभर विचार करत राहिले, खरंच चूक असेल तर? वकील म्हणाले, कामगाराच्या हलगर्जीपणाचा हा बचाव मृत्यूच्या प्रकरणात कायदा ऐकूनच घेत नाही. अपघात कामातून आणि काम चालू असताना झाला, एवढं पुरतं. हे आईला सांगितलं तेव्हा ती पहिल्यांदा मोकळी रडली.

हिशोब असा. पगार १८,००० असला तरी जानेवारी २०२०च्या अधिसूचनेप्रमाणे १५,०००च धरतात. त्याचा निम्मा ७,५००, गुणिले कायद्याच्या तक्त्यातला ३४ व्या वर्षाचा गुणांक १९९.४०, म्हणजे १४,९५,५०० रुपये. अंत्यविधीचे ५,००० वेगळे. वयासाठी शाळा सोडल्याचा दाखला लावला.

महिन्याभरात रक्कम भरली नाही तर १२ टक्के सरळव्याज लागतं, आणि विलंबाला सबळ कारण नसेल तर ५० टक्क्यांपर्यंत दंड. विमा कंपनीचं म्हणणं होतं की व्याज निकालापासून धरा. आमच्या वकिलांनी सर्वोच्च न्यायालयाचा २०१२चा निकाल दाखवला: रक्कम अपघाताच्या दिवशीच देय होते. मग कंपनीनं पॉलिसी पुढे केली, त्यात व्याज वगळल्याची अट होती. वाहन विम्याच्या एका प्रकरणात १९९७ मध्ये मूळ रक्कम आणि व्याज कंपनीवर, दंड मालकावर, असं ठरलं होतं. पण पॉलिसीतली अशी अट २००६च्या निकालानं मान्य केलेली आहे. ती पॉलिसी आम्ही वर्षभर आधी मागवून वाचायला हवी होती. सगळं कंपनी देईल, या समजुतीत आम्ही ठेकेदाराच्या मालमत्तेची चौकशीच केली नाही.

कायदा म्हणतो दावा तीन महिन्यांत निकाली काढावा. आम्हाला जवळपास तीन वर्षं लागली. उलटतपासणीत मला विचारलं, "तुम्ही लग्न झालेली बहीण, तुम्हाला यात काय मिळणार?" मी म्हणाले, काही नाही. कायद्याप्रमाणे खरोखरच माझा वाटा नाही.

२०२४ मध्ये निकाल लागला. मूळ रक्कम विमा कंपनीवर, व्याज आणि २५ टक्के दंड ठेकेदारावर. कंपनीनं रक्कम न्यायालयात भरली. मुलीचा वाटा ती अठरा वर्षांची होईपर्यंत बँकेत मुदतठेवीत आहे, बाकी भावजय आणि आईच्या खात्यात आलं. (नोव्हेंबर २०२५ पासून १९२३च्या कायद्याच्या जागी सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली आहे, त्यामुळे नवा दावा लावणाऱ्यांनी वर सांगितलेली कलमं वकिलाकडून पुन्हा तपासून घ्यावीत.)

ठेकेदारानं अजून एक रुपया भरलेला नाही. त्याची रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल करण्याचा दाखला मिळाला आहे. तहसील कार्यालयात विचारतात, त्याच्या नावावर काय आहे ते सांगा. भावजय आणि मी आता त्याच्या गावचे सातबारे काढतो आहोत.