इस्त्री पडायच्या आधी

पडद्यावरचा माणूस घसरून आपटला की डोळ्यांना ते अर्ध्या सेकंदात कळतं. ‘तो बर्फावरून घसरतो आणि पाठीवर आपटतो’ हे बोलायला मला अडीच-तीन सेकंद लागतात. ही तूट कुठून भरून काढायची, एवढाच माझ्या कामातला खरा प्रश्न.

मी दृश्यवर्णन करते. अंध प्रेक्षकांसाठी चित्रपट चालू असताना, संवादांच्या मधल्या फटीत, पडद्यावर काय दिसतंय ते माईकवरून सांगायचं. 2023 च्या जानेवारीत पणजीत पहिला पर्पल फेस्ट झाला, त्यानंतर गोव्यात या कामाला जरा विचारणा होऊ लागली. त्याआधी मी रेडिओवर निवेदन करायची, म्हणजे गप्प बसण्याची सवय मला अजिबात नव्हती. आणि या कामात तीच लागते.

गंभीर चित्रपट सोपे जातात. पाऊस पडतोय, म्हातारी खिडकीत उभी आहे, पत्र टेबलावर पडलंय. भरपूर वेळ असतो. विनोदी चित्रपटाचं नाव काढलं की आमच्यातले बरेच जण एकदम ‘बिझी’ होतात. म्हणून फोंड्याच्या एका छोट्या मंडळाने नाताळ आणि नवीन वर्षाच्या मधल्या आठवड्यात दोन सुट्टीचे विनोदी चित्रपट मागितले, तेव्हा ते फिरत फिरत माझ्याकडे आले.

त्या आठवड्यात गोव्यात सुट्टी असते ती पाहुण्यांना. आमच्याकडे ज्याची टॅक्सी आहे तो टॅक्सीवर, ज्याची हॉटेलात नोकरी आहे तो डबल ड्युटीवर. त्यामुळे सभागृहात आलेल्या चाळीसेक अंध मंडळींबरोबर मुलगे-सुना जवळजवळ नव्हत्याच. नातवंडं होती, शेजारणी होत्या, एकीला तर दूधवाल्याने स्कूटरवर आणून सोडलं होतं. हेडफोनची सोय नव्हती. माझा आवाज सगळ्यांनाच, डोळस पोरांनाही, एकाच स्पीकरमधून ऐकू जाणार होता.

मंडळाने कुठून तरी वर्णनाची तयार संहिता मागवून ठेवली होती. तिच्यात जागोजागी ‘एक अतिशय मजेशीर प्रसंग घडतो’ असं लिहिलेलं. मजेशीर आहे असं आधी बजावल्यावर आजवर कोणी हसल्याचं माझ्या पाहण्यात नाही. मी ती बाजूला ठेवली आणि घरी बसून, चित्रपट थांबवत थांबवत, स्वतःची लिहिली.

पहिला चित्रपट जाक तातीचा, 1953 सालचा, मस्यू ह्युलो नावाच्या उंच, वाकून चालणाऱ्या माणसाच्या समुद्रकाठच्या सुट्टीचा. फ्रान्सच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या सँ-मार्क-स्यूर-मेर या गावात तो चित्रित झाला. तिथल्या किनाऱ्याकडे बघत ह्युलोचा पुतळा उभा आहे. हा चित्रपट मीच सुचवला होता. मंडळाचे सचिव म्हणाले, “फ्रेंच? आमच्या लोकांना समजेल का?” मी म्हटलं, त्यात समजण्यासारखं कोणी काही बोलतच नाही.

सुरुवातीलाच रेल्वे स्टेशन आहे. भोंग्यातून घोषणा होते आणि तिचा एक शब्द कळत नाही. सुट्टीला निघालेली माणसं, पोरंबाळं, जाळी, बादल्या, सगळं घेऊन एका फलाटावरून भुयारातून दुसऱ्या फलाटावर धावतात. गाडी भलतीकडेच येते. पुन्हा घोषणा, पुन्हा धाव. मी फक्त कोणत्या फलाटावर माणसं आहेत आणि कोणत्या फलाटावर गाडी, एवढंच सांगत होते. मागून एक आजोबा मोठ्याने म्हणाले, “मडगांव!” सगळं सभागृह हसलं. सँ-मार्क गेलं, कोकण रेल्वे आली.

मग हॉटेलच्या जेवणघराचं दार. वेटर आत-बाहेर करताना ते झुलतं दार दर वेळी चेलोची तार छेडल्यासारखा एक आवाज करतं. त्याचं काय वर्णन लिहावं यावर मी घरी पुष्कळ कागद फाडले होते. शेवटी लिहिलं, ‘जेवणघराचं दार’, आणि पुढे काही नाही. दार वाजलं. दुसऱ्यांदा वाजलं तेव्हा अंध मंडळींच्या रांगांतून खुसखुस सुरू झाली. डोळस पोरं पडद्यावर शोधत होती की हसण्यासारखं काय आहे! तातीने आवाज चित्रीकरणानंतर वेगळे, एकेक करून बसवले होते, ते का हे त्या रांगांकडे पाहिल्यावर मला नीट उमगलं. चेहऱ्याच्या जवळ कॅमेरा नेऊन ‘बघा, इथे हसा’ असं तो सांगत नाही. दूरवरून सगळं एकदम दाखवतो, आणि कान कुठे लावायचा ते आवाज ठरवतो.

पण त्यामुळेच काही जागा माझ्या हातून निसटणारच होत्या, हे मला ठाऊक होतं. त्या हॉटेलात एक वयस्क जोडपं फिरायला निघतं. बाई पुढे, नवरा चार पावलं मागे. बाई वाळूतून शिंपला उचलून कौतुकाने नवऱ्याला देते. ती वळली की तो टाकून देतो. पडद्यावर हे इतकं कोपऱ्यात घडतं की स्वतः पाहिलं तर ‘आपण पकडलं’ याचाच आनंद होतो. मी सांगितलं की तो आनंद गेला. नाही सांगितलं तर शिंपलाच गेला. मी सांगितलं. बायका हसल्या, पुरुष हसले नाहीत.

सुट्टीच्या चित्रपटात हसू कशाचं येतं, यावर माझं मत या हॉटेलने पक्कं केलं. मजा करायची सक्ती. रोजच्या दिवसात कंटाळलात तर कोणी जाब विचारत नाही. सुट्टीत पैसे भरलेले असतात, दिवस मोजलेले असतात, परतीचं तिकीट काढलेलं असतं, त्यामुळे आनंद झालाच पाहिजे. ह्युलोच्या हॉटेलातला व्यापारी समुद्रावर येऊनही सारखा फोनकडे धावतो. निवृत्त अधिकारी सहलीलाही मोहिमेवर नेल्यासारखा माणसांना हाकतो. घरून जे टाकून आले ते सगळं बॅगेतून बरोबर आलेलं आहे. एकटा ह्युलो खरोखर सुट्टीवर आहे, आणि म्हणून सगळ्यांची सुट्टी तोच बिघडवतो.

मध्यंतरात चहा आणि भाजी-पाव होता. शेजारच्या एका ख्रिश्चन घरातून दोदोल, नाताळचं गोड, तेही आलं होतं. फोंड्याकडचे एक मामा, तबला शिकवतात, जन्मापासून अंध, माझ्या आवाजाच्या दिशेने काठी टेकत आले.

“बाय, आदीं सांगूं नाका. आनी मागीरूय सांगूं नाका.”

“आधीही नको, नंतरही नको, मग सांगू कधी, मामा?”

ते हसले आणि मराठीत आले. गोव्यात ही अदलाबदल वाक्याच्या मध्येही होते. म्हणाले, “सम कधी येणार ते ऐकणाऱ्याला ठाऊक असतंच ना? म्हणून काय मान हलायची राहते? तू तिहाईची सुरुवात दे आणि सोड. समेवर तुझा हात नको.”

तिहाई म्हणजे तीनदा वाजवून समेवर, तालाच्या पहिल्या मात्रेवर, येणारा तुकडा. लयभास्कर खाप्रुमाम पर्वतकरांच्या मुलखातला माणूस लयीबद्दल बोलला तर ऐकावं. मी बाकावर बसून दुसऱ्या चित्रपटाच्या संहितेवर पेन्सिल फिरवली. चहा गार झाला.

दुसरा चित्रपट ‘होम अलोन’, 1990 चा. पॅरिसला निघालेलं मोठं कुटुंब गडबडीत धाकट्या केव्हिनला घरीच विसरतं, आणि नाताळच्या आदल्या रात्री हॅरी आणि मार्व्ह हे दोन चोर त्या घरात शिरतात. शेवटच्या भागात जागोजागी चोरांना मार बसतो. बहुतेक मार दोन भागांत आहेत. आधी सापळा दिसतो, मग माणूस त्याच्याकडे चालत येतो. या दोन्हींच्या मध्ये जी जागा आहे तिथेच हसू पिकतं. म्हणजे विनोद अचानक घडतो म्हणून आपण हसतो हे निदान इथे तरी खरं नाही. आपल्याला माहीत आहे आणि त्याला नाही, म्हणून हसतो.

तर मी सापळा सांगायचा आणि गप्प बसायचं. ‘दाराच्या आतल्या मुठीला विजेची तापलेली सळी अडकवली आहे. बाहेरची मूठ लाल झाली आहे.’ संपलं. बाहेर हॅरीची पावलं वाजतात. एका आजींनी शेजारणीचा हात धरला. चर्र आवाज झाला, आणि “अगे बाय!” आणि हशा, एकदम. इस्त्रीचं तसंच. तळघरात मार्व्ह दिव्याची दोरी समजून एक दोरी ओढतो. मी म्हटलं, ‘दोरीचं टोक वरच्या मजल्यावर, इस्त्रीला.’ मग कपडे टाकायच्या उभ्या नळकांड्यातून इस्त्री घरंगळत येतानाचा आवाज. ती तोंडावर आपटायच्या आधीच लोक हसत होते.

दिवसभर मी एक गोष्ट कानाने मोजत होते. सकाळी सभागृहात दोन हशे होते: पडद्याकडे बघणाऱ्यांचा पहिला, माझं ऐकणाऱ्यांचा त्यानंतर. त्यांच्यामध्ये माझं वाक्य अडकलेलं. इस्त्रीच्या वेळी एकच हशा झाला.

पण खिळ्यापाशी सगळं थांबलं. तळघराच्या पायऱ्यांना डांबर फासलेलं आहे, मार्व्हचे बूट त्यात चिकटून राहतात, मोजेही जातात, आणि मग अनवाणी पाय एका उभ्या खिळ्यावर पडतो. मी खिळा आधी सांगितला, नियमाप्रमाणे. हसण्याऐवजी पुढच्या रांगेतल्या बाईंनी चपला सोडून दोन्ही पाय खुर्चीवर घेतले. त्यांच्या बाजूच्या दोघांनी पाय आत ओढले. जमिनीवर काय पडलंय ते न दिसता रोज चालणाऱ्या माणसांना मी खिळ्याची खबर दिली होती.

डोळस माणूस मार्व्हचा चेहरा बघतो. तो चेहरा कार्टूनसारखा ताणलेला असतो, आणि पुढच्या क्षणी हा इसम पुन्हा कामाला लागलेला असतो. त्यामुळे लागलं ते खरं नाही हे डोळ्यांना पटलेलं असतं. शब्दांत मात्र खिळा म्हणजे खिळाच. हे लक्षात आल्यावर पुढच्या प्रत्येक माराला मी दोन शब्द जोडत गेले: ‘उठला. निघाला.’ रंगाचे डबे दोरीने झुलत येऊन तोंडावर बसले, ‘उठला.’ तिसऱ्या-चौथ्या वेळी पोरांनी माझ्याबरोबर ‘उठला!’ ओरडायला सुरुवात केली. सभागृह मोकळं झालं. पाय मात्र खाली आले नाहीत.

सगळ्यात मोठं हसू मी धरलंच नव्हतं अशा ठिकाणी आलं. केव्हिन आरशासमोर मोठ्या माणसासारखा ऐटीत तयार होतो आणि गालांवर आफ्टरशेव्ह थापतो. मी म्हटलं, ‘दोन्ही तळव्यांवर आफ्टरशेव्ह.’ त्याची किंकाळी सुरू व्हायच्या आधीच तमाम दाढी करणारी मंडळी हसून लोळत होती.

निघताना सचिवांनी पाकीट दिलं आणि विचारलं, पुढच्या नाताळला काय लावायचं. मामा तिथेच होते. त्यांना 1972 चा ‘बॉम्बे टू गोवा’ हवा होता. मी म्हटलं, मामा, सगळा चित्रपट बसमध्येच जातो, गोवा त्यात शेवटाला येतो. असल्या चित्रपटांत आपण गोंयकार असतो तरी कुठे? नारळाचं झाड, होडी आणि एक बेवडा.

“असू दे गो. बसमधली माणसं मला हवी आहेत. पण एक अट.”

“कोणती?”

“गाणी लागली की तू बाहेर जाऊन चहा पी.”