'स्टार्स'मधलं अठरावं गाणं

बुधवार, रात्र

'स्टार्स' आज पहिल्यापासून शेवटपर्यंत, एकही गाणं न गाळता. आयर्लंडमधल्या लिमरिकच्या क्रॅनबेरीज या रॉक बँडचं 2002 चं संकलन, 1992 ते 2002 या दहा वर्षांचं. 20 गाणी, सीडी जवळपास काठोकाठ भरलेली.

क्रम तारखेचा. पहिली दोन गाणी पहिल्या अल्बमची, 3 ते 6 दुसऱ्याची, 7 ते 10 तिसऱ्याची, 11 ते 14 चौथ्याची, 15 ते 17 पाचव्याची. वहीत मांडायला सोयीचं, पण कानाला महागात पडतं. 'ड्रीम्स', 'लिंगर', 'झॉम्बी', 'ओड टू माय फॅमिली' ही चारही पहिल्या वीस मिनिटांतच संपतात. पहिल्याच पंगतीला सगळं पक्वान्न वाढून टाकल्यासारखं.

लावण्याआधी प्लेअरमधलं आवाज सारखा करणारं नॉर्मलायझेशन बंद करावं, नाहीतर निदान ते गाण्यागणिक न ठेवता अल्बमवर ठेवावं. गाण्यागणिक असेल तर 'लिंगर' वर उचललं जातं आणि 'झॉम्बी' खाली दाबलं जातं. दुसऱ्या आणि तिसऱ्या गाण्यामधली ती धडक मग ऐकूच येत नाही.

गंमत म्हणजे 'लिंगर'मध्ये डी, ए, सी, जी आणि 'झॉम्बी'त ई मायनर, सी, जी, डी असे चारच कॉर्ड (एकत्र वाजवायचे सूरगट), आणि गाणंभर तेच फिरत राहतात. कडवं आणि धृपद यांतला फरक कॉर्डमध्ये नाहीच. 'झॉम्बी'त तो डिस्टॉर्शनने, म्हणजे गिटारच्या मुद्दाम फाटक्या केलेल्या आवाजाने पडतो, 'लिंगर'मध्ये व्हायोलिनच्या थराने. गिटारवर बसवताना बहुतेकजण इथेच चुकतात: 'झॉम्बी'च्या धृपदात डिस्टॉर्शन चालू ठेवून सहाही तारा छेडतात. तिसरा सूर त्यात किरकिरतो, सगळ्याचा चिखल होतो. जाड तारांवर मूळ सूर आणि पंचम एवढाच पॉवर कॉर्ड धरावा. कडव्यातला डी मात्र खाली एफ शार्प ठेवून, म्हणजे सर्वांत जाड तारेची दुसरी पट्टी दाबून. जी वरून परत ई कडे उतरणारी बासची पायरी त्यामुळे सुटत नाही.

बँडची गायिका डोलोरेस ओ'रिअर्डन हिच्या गळ्याची नक्कल त्याहून अवघड. छातीच्या आवाजातून वरच्या पातळ आवाजात जाताना बाकीचे गायक सांधा लपवतात, ती तो मुद्दाम उघडा ठेवते. नुसती फिरत घेऊन ते साधत नाही, सूर तुटावा लागतो. आयर्लंडमध्ये मेलेल्यावर शोक करताना गायच्या जुन्या रिवाजाशी लोक हे जोडतात. 'झॉम्बी' तर शोकाचंच आहे: 1993 मध्ये वॉरिंग्टनच्या बॉम्बस्फोटात दोन मुलं गेली, त्यावरचं.

सातव्यापासून निर्माता बदलतो. स्टीफन स्ट्रीटच्या जागी ब्रूस फेअरबेर्न, म्हणजे एरोस्मिथ आणि बॉन जोव्हीवाला. 'साल्व्हेशन' अडीच मिनिटांच्या आत उरकतं आणि उरकतं तेच बरं. त्या टप्प्यातलं 'व्हेन यू'अर गॉन' मात्र टिकलंय. 11 ते 14 मध्ये 'अ‍ॅनिमल इन्स्टिंक्ट' चांगलं. पाचव्या अल्बमला स्ट्रीट परत येतो, पण 15 ते 17 पर्यंत कान थकलेला असतो. नीटनेटकी गाणी आहेत, एवढंच.

आणि मग अठरावं, 'डॅफोडिल लॅमेंट'. सिंगल म्हणून, म्हणजे सुटं गाणं म्हणून, कधी निघालंच नव्हतं, चाहत्यांच्या कौलातून यादीत आलं. तारखेची रांग इथे मोडते आणि गाडी थेट 1994 ला मागे जाते. सहा मिनिटांचं गाणं, धृपदाच्या चाकोरीत न बसणारं: आधी हळू, विझत चाललेलं, मग मध्येच वळण आणि मोकळा गळा. ज्याला 'झॉम्बी'पलीकडे काही ठाऊक नाही त्याला हेच आधी ऐकवावं.

शेवटची 'न्यू न्यू यॉर्क' आणि 'स्टार्स' ही त्या वर्षीची नवी. 'स्टार्स' ठीक. 'न्यू न्यू यॉर्क' परत लावलं नाही, अठरावं लावलं.