काल्पनिक मंत्रग्रंथ, खरी पोथी

अद्भुत जगातली एकांकिका असली की तिच्यात एक प्राचीन ग्रंथ येतोच. बहुतेक वेळा तो चामडी रंगाच्या पुठ्ठ्याचा, कडा जाळलेला आणि पानोपानी तारे काढलेला असतो. ठाण्याच्या गडकरी रंगायतनच्या दहाव्या रांगेतूनही तो कालच केलाय हे कळतं. ग्रंथ जुना वाटायला तो कोणी लिहिला, कोणी हाताळला आणि कोणत्या किड्याने खाल्ला, हे पानांवर दिसावं लागतं.

समजा, कथेतल्या ग्रंथाचं नाव आहे ‘धूम्रकल्प’: धुरावरून भविष्य वाचायची विद्या. त्याला आपल्या पोथीचं रूप द्या. ५६ बाय ७६ सेंटिमीटरच्या हातकागदाच्या एका तावातून २८ बाय १२ची बारा पानं निघतात. सहा तावांत ७२ पानं झाली, म्हणजे हातात घेतल्यावर वजन जाणवतं. झेरॉक्सचा कागद नकोच. त्यात शुभ्रतेसाठी घातलेलं रसायन अतिनील दिव्याखाली निळसर चमकतं आणि ती चमक चहाच्या रंगानेही पूर्ण झाकली जात नाही.

आधी रंग, मग लेखन. हा क्रम चुकला की सगळं वाया जातं, कारण डिंकाची शाई पाण्यात पुन्हा सुटते. एक लिटर पाण्यात ३० ग्रॅम चहा पावडर दहा मिनिटं उकळा, गाळा, कोमट झाल्यावर पान पाच मिनिटं बुडवा. वाळवताना चिमटा लावून दोरीवर टांगू नका. चहा खालच्या कडेला साचतो आणि तिथे गडद पट्टा उमटतो. जुन्या सुती कपड्यावर आडवं पसरा. जुलैमध्ये आपल्याकडे पंख्याखालीसुद्धा दोन दिवस धरा. ओलसर पानांची चळत रचली की बुरशी आलीच.

शाईसाठी काजळ दोन भाग, बाभळीचा डिंक एक भाग, वजनाने. डिंक रात्रभर भिजवून गाळून घ्या. काजळ तेलकट असल्यामुळे पाण्यावर तरंगतं, म्हणून आधी थोड्या स्पिरिटमध्ये कालवा, मग डिंकाच्या पाण्यात खलत राहा. तासभर तरी खला. डिंक कमी पडला तर अक्षर बोटाला लागतं. जास्त झाला तर चकाकतं, आणि दमट हवेत पानं एकमेकांना चिकटतात. ठाण्यात हा दुसरा दोष जास्त छळतो. लवंगतेलाचे दोन-तीन थेंब टाकले की शाई लवकर नासत नाही.

बोरूचं टोक दीड मिलिमीटर ठेवा, पानावर नऊ ओळी. दोन्ही बाजूंना तीन सेंटिमीटर समास आणि तांबड्या दुहेरी रेघा. शब्दांमध्ये जागा सोडू नका, सलग लिहा. पहिल्या पानाची पुढची बाजू कोरी असते, मजकूर मागच्या बाजूला सुरू होतो. पानाचा अंकही मागेच: डाव्या समासात वर, उजव्या समासात खाली. पोथीचं पान आडव्या कडेवर उलटतं, म्हणून मागची बाजू लिहिताना कागद वरून खाली फिरवा. पुस्तकासारखा फिरवलात तर मागचा मजकूर उलटा येतो आणि रंगमंचावर नट गोंधळतो.

लिपीबद्दल माझा आग्रह आहे. गूढ दिसते म्हणून मंत्र मोडीत लिहितात. मोडी ही दप्तराची, हिशेबाची, पत्रांची लिपी. शास्त्रग्रंथ बाळबोधीत, म्हणजे देवनागरीत लिहिले जात. समासात पुढच्या मालकाची टीप मोडीत टाका, ती एकदम खरी वाटते. चूक दिसली तर खोडू नका, पिवळा रंग फासून वर लिहा. जुने लेखक त्यासाठी हरताळ वापरत, ‘हरताळ फासणे’ आलं ते तिथूनच. खरा हरताळ मात्र आणू नका, त्यात आर्सेनिक असतं. पिवळा पोस्टर रंग पुरे.

आता झीज. कडा जाळणं सोडून द्या. रोज लागणाऱ्या विधीचं पान सगळ्यात मळकं हवं: खालच्या कोपऱ्यात अंगठ्याचा डाग, बाजूला तेलाचा ठिपका. न वाचलेली पानं जवळजवळ स्वच्छ. किड्याचं भोक दाभणाने पाडा, पण आठ-दहा पानांतून सलग, प्रत्येक पानावर किंचित सरकवून. ते अक्षरातून गेलं पाहिजे. किडा लेखनानंतर आला आहे.

शेवटी पुष्पिका: ग्रंथाचं नाव, लेखनिक, गाव, तिथी, सगळं त्या काल्पनिक जगातलं. जुन्या पोथ्यांत याच जागी एक श्लोक सापडतो:

तैलाद्रक्षेज्जलाद्रक्षेद्रक्षेच्छिथिलबन्धनात् ।
मूर्खहस्ते न दातव्यमेवं वदति पुस्तकम् ॥

पुस्तकच बोलतंय: तेल, पाणी, सैल बांधणी यांपासून सांभाळा, मूर्खाच्या हाती देऊ नका. मंत्रग्रंथाला याहून चांगला शेवट सुचवता येणार नाही.

कथेत ग्रंथ जमिनीतून निघणार असेल तर कागद सोडा, ताम्रपट करा. १७८७ साली ठाण्यात खोदकामात शिलाहार राजा अरिकेसरीचा शके ९३९चा ताम्रपट मिळाला होता. तांब्याचे पातळ पत्रे, एका बाजूला भोक आणि त्यातून ओवलेली जाड कडी, एवढ्याने काम होतं.

पोथीला वर-खाली पाच मिलिमीटर प्लायवूडच्या फळ्या, त्यावर ९० सेंटिमीटर चौरस तांबडा रुमाल. आत वेखंडाचे तुकडे टाका आणि दोन प्रयोगांच्या मधे पोथी बंद डब्यात न ठेवता उघडी करून वारा लागू द्या.