पॅनमधली चव

पॅन नळाखाली धरलाच होता, तेवढ्यात शेजारच्या आजींनी माझा हातच पकडला. "अगं धुतेस काय, सगळी चव तिथंच आहे!"

इकडे फ्रान्सच्या नॉर्मंडीत व्हीलचे, म्हणजे वासराच्या कोवळ्या मांसाचे, चॉप्स क्रीममध्ये करतात. मी लसूण, थाईम, ऑलिव्ह ऑइल आणि थोडं लिंबू लावून दोन तास ठेवले होते (लिंबात रात्रभर नको, कोवळं मांस वरून पिठूळ होतं), पुसून कोरडे केले, बटरवर दोन्ही बाजूंनी लालसर भाजले आणि ताटात झाकून ठेवले. पॅनच्या तळाला तपकिरी थर, मला वाटलं करपलंच.

आजींनी त्यात बारीक कांदा टाकला, गॅस बंद करून दोन चमचे कॅल्व्हाडॉस, म्हणजे इथली सफरचंदाची ब्रँडी, मग गॅस परत लावून लाकडी उलथन्याने तळ खरवडत राहिल्या, आणि शेवटी क्रीम. 30 टक्के फॅटचं घट्ट क्रीम, उकळलं तरी फाटत नाही. बघता बघता बदामी झालं. ताटात सुटलेला रसही परत पॅनमध्ये, थेंब सोडला नाही.

आणि मला आई आठवली. भरल्या वांग्यांची कढई रिकामी झाली की ती त्यातच गरम भात कालवायची, सगळ्यांच्या शेवटी, आणि मी म्हणायचे शी, भांडं पुसून काय खातेस.

तो सगळ्यात चविष्ट घास हे तिला माहीत होतं, की तिच्यासाठी तेवढंच उरायचं? आता विचारायला ती नाही.

तुमच्या घरी कढईतला भात कोण खायचं?