हिल वाचायचे का, आणि कुठून?

तुम्ही विचारलंत म्हणून लिहितो. प्रश्न नेहमीचाच आहे: इंग्रज मार्क्सवादी इतिहासकार ख्रिस्तोफर हिल यांची मांडणी नंतरच्या इतिहासकारांनी मोडीत काढली, मग सतराव्या शतकातली इंग्लंडची यादवी (राजा पहिला चार्ल्स विरुद्ध संसद) समजून घ्यायला त्यांची पुस्तकं अजून का वाचायची? आणि वाचायची तर सुरुवात कुठून?

वाचाच. फक्त 1940 सालच्या ‘द इंग्लिश रेव्होल्यूशन 1640’पासून सुरुवात करू नका. आकाराने लहान म्हणून सगळे आधी तेच उचलतात आणि तिथेच फसतात. त्यात राजाकडे सरंजामदार, संसदेकडे उगवता भांडवलदार वर्ग अशी सरळ विभागणी आहे. प्रत्यक्षात जमीनदार आणि व्यापारी दोन्ही बाजूंना होते. हिल यांनी पुढे स्वतःच ही मांडणी बदलली. भांडवलदारांनी क्रांती ठरवून घडवली असं नव्हे, पण तिच्या परिणामांनी भांडवलशाहीची वाट मोकळी झाली, असं ते म्हणू लागले. याला आधार आहे. जमीनदाराचा वारस अल्पवयीन असला की त्याची जमीन राजाच्या ताब्यात जायची. तो हक्क संसदेने 1646 मध्ये मोडला, म्हणजे जमीन मालकाच्या हाती निर्धास्त राहू लागली.

सुरुवातीला ‘द सेंच्युरी ऑफ रेव्होल्यूशन’ (1961) घ्या. 1603 ते 1714 या काळाचे त्यात चार भाग आहेत आणि प्रत्येक भागाच्या आरंभी घटनांचं प्रकरण आहे. ही चार प्रकरणं आधी सलग वाचून काढा, मग मागे येऊन अर्थव्यवस्था, राजकारण, धर्म. शेजारी एका कागदावर स्कॉटलंड आणि आयर्लंडच्या तारखा हव्यातच: 1637 मध्ये एडिंबरात राजाने लादलेल्या प्रार्थनापुस्तकावरून दंगल, 1641 च्या ऑक्टोबरात आयर्लंडमधला उठाव, आणि मग 1642 च्या ऑगस्टमध्ये इंग्लंडचं युद्ध. हिल यांचं लक्ष इंग्लंडवर असतं. हा कागद नसला तर युद्ध इंग्लंडच्या पोटातूनच पेटलं असा समज होतो.

त्यानंतर ‘द वर्ल्ड टर्न्ड अपसाइड डाउन’ (1972). माझ्या मते हेच त्यांचं सर्वांत मोठं काम. लेव्हलर, डिगर, रँटर, क्वेकर अशा त्या काळच्या जहाल राजकीय-धार्मिक गटांतल्या ज्यांना आधीच्या इतिहासात जेमतेम तळटीप मिळायची, ती माणसं इथे विचार करणारी म्हणून भेटतात. अमेरिकन इतिहासकार जे. एच. हेक्स्टर यांनी 1975 मध्ये आक्षेप घेतला की हिल साधनांतून सोयीचं तेवढंच वेचतात. आक्षेपात तथ्य आहे. हिल मुख्यतः छापील साहित्यावर विसंबतात आणि एकाच परिच्छेदात पाच पत्रकांमधली पाच वाक्यं येतात. म्हणून प्रत्येक प्रकरणातली एक तरी तळटीप निवडा, मूळ पत्रक मिळवा आणि ते पूर्ण वाचा. वाचताना एकच विचारा: हे कोण बोलतंय?

डिगरांचंच घ्या. 1 एप्रिल 1649 ला सरे परगण्यातल्या सेंट जॉर्जेस हिलवर काही गरीब माणसांनी पडीक सार्वजनिक जमीन खणायला घेतली. त्यांनी गाजरं, पार्सनिप आणि बीन्स पेरले, हे आपल्याला कळतं ते त्यांच्याविरुद्ध सरकारकडे गेलेल्या तक्रारीतून. बियाण्यांबद्दल तक्रारदाराने खोटं बोलावं असं काही कारण नाही, तेवढं घ्या. हेतू मात्र डिगरांचा म्होरक्या जेरार्ड विन्स्टन्ली याच्या स्वतःच्या लेखनातून समजून घ्या. रँटरांच्या बाबतीत हीच गाळणी लावली तर हाती फार कमी उरतं. 1650 च्या आसपासची पुष्कळ सनसनाटी पत्रकं त्यांच्या शत्रूंनी लिहिलेली आहेत. तिथे हिल यांनी जरा जास्तच विश्वास टाकला, असं मला वाटतं.

मूळ पत्रकं हातात घेतली की आणखी एक खड्डा येतो, तो सनाचा. तेव्हा इंग्लंडात वर्ष 25 मार्चला बदलायचं. आपल्याकडे शकावरून इसवी सन काढताना हीच गफलत होते: शिवजन्म शके 1551 च्या फाल्गुनातला, सवयीने 78 मिळवले तर 1629 येतं, पण तारीख आहे 19 फेब्रुवारी 1630. शिवाय तिकडचे छापखाने कधी पुढचाच सन छापून टाकत. लंडनचे पुस्तकविक्रेते जॉर्ज थॉमसन यांनी 1640 पासून वीस वर्षांत सुमारे 22,000 छापील चिजा जमवल्या आणि मुखपृष्ठावर हाताने तारीख टाकली; काही ठिकाणी छापलेला सन खोडून आधीचा लिहिला. तो संग्रह आज ब्रिटिश लायब्ररीत आहे. छापील आकडा आणि हाताचा आकडा दोन्ही उतरवून घ्या.

हे न करता पुढे गेलात तर काय होतं? चार्ल्स राजाचा शिरच्छेद समकालीन कागदांत 30 जानेवारी 1648 ला दिसेल आणि डिगरांची खणती 1 एप्रिल 1649 ला, म्हणजे मध्ये वर्षाहून अधिक काळ. खरं अंतर फक्त 61 दिवसांचं आहे. 1066 च्या नॉर्मन विजयाने आलेली राजसत्ता गेली, तर तिच्यासोबत आलेली जमिनीची मालकीही गेली पाहिजे, असं विन्स्टन्लीचं म्हणणं. राजाच्या मरणाला दोन महिने होताहेत तोच विन्स्टन्लीच्या सोबत्यांनी कुदळी उचलल्या.